डाव्या हाताची करंगळी

ओमानात अल हैलमधलं आमचं घर म्हणजे अर्धं घर आहे. एकच बंगला, मधोमध भिंत घालून दोन भाडेकरूंना दिलेला. दारं दोन, जिने दोन, पाण्याच्या टाक्या दोन. गच्चीसुद्धा कमरेएवढ्या भिंतीने वाटलेली. ह्या बाजूला माझा मुलगा, सून, नात आणि मी. त्या बाजूला एक कोरियन कुटुंब. जावई कुठल्याशा रिफायनरीच्या कामावर, मुलगी घरी आणि मुलीची आई, माझ्याहून बरीच म्हातारी, नव्वदीला टेकलेली. पाठ ताठ. माझी नाही.

मी इथे आले ती पंधरा दिवसांसाठी. गावी विहिरीच्या पायरीवरून पाय घसरला आणि कंबर धरली. मुलगा विमानाने आला आणि म्हणाला, "पंधरा दिवस चल, बरी हो, मग सोडतो." कंबर बरी झाली. पंधरा दिवसांचं इथलं रहिवासी कार्ड झालं, आणि त्या कार्डाची मुदत आता ह्या महिन्याच्या अखेरीला संपत होती. नवीन कार्ड काढायचं तर सरकारी कचेरीत जाऊन बोटाचा ठसा द्यावा लागतो, आणि तो माझाच लागतो. कार्ड निघालं नाही तर मला परत पाठवावं लागेल. मला तेच हवं होतं, मुलाला नको होतं. भांडण एवढंच, पण घरात कोणी भांडत नव्हतं. मी म्हणायचे, "माका घराक जावचा आसा." तो म्हणायचा, "बघू गं आई," आणि सुनेला विचारायचा, दूध आणलंस का.

मला इथे कोणी छळत नाही, हे आधीच सांगते. खायला वेळेवर मिळतं. खोलीत एसी आहे. गुडघ्याला लावायला मलम आहे. फक्त फाटकाबाहेर पडलं की जायला जागा नाही. रस्ते गाड्यांसाठी केलेले. दुकान समोर दिसतं, पण मधला रस्ता ओलांडायला गाडीच लागते, आणि गाडी चालवणारे दोघंही संध्याकाळी येतात. पासपोर्ट कपाटात, कपाटाची किल्ली सुनेच्या पर्समध्ये, कारण "हरवला तर प्रॉब्लेम होईल." समुद्र जवळ आहे. तो मला शुक्रवारी गाडीच्या काचेतून दाखवतात. त्याच समुद्राच्या दुसऱ्या काठाला माझं घर आहे. चार काजूची झाडं आहेत. गेले दोन हंगाम त्यांची बी कोण उचलून नेतं ते मला माहीत आहे, आणि तिला एकदा तोंडावर विचारायचं आहे.

गच्चीवर मात्र मला कोणी अडवत नव्हतं. मी तिथे मिरच्या वाळत घालायचे. भिंतीपलीकडे कोरियन म्हातारी मुळ्याचे काप वाळत घालायची. इथलं ऊन असं की सकाळी घातलेलं दुपारी कडकडीत. पहिले काही महिने आम्ही एकमेकींकडे नुसत्या माना हलवल्या. मग तिने एकदा माझी मिरची उचलून वास घेतला आणि तोंड वाकडं केलं. मी तिच्या मुळ्याचा वास घेतला आणि तिच्याहून वाकडं केलं. तिथून ओळख झाली.

बोलणं सुरू झालं ते नातीमुळे. नात कॉलेजात जायच्या वयाची आहे. मराठी तिला अडखळत येतं, पण कोरियन येतं, कारण ती रोज कोरियन सिरियल बघते. बघता बघता शिकली. पण सिरियलमधली भाषा, म्हणजे त्यात प्रेम आणि रुसवा एवढेच शब्द. भात, पोलीस, परवाना आलं की ही फोनमध्ये शोधत बसणार. पहिल्या दिवशी तिने म्हातारीला काहीतरी विचारलं आणि म्हातारी भिंतीला धरून हसत सुटली.

"काय विचारलंस गं?"

"जेवलात का विचारलं. पण आजी, मी ते बॉयफ्रेंडला विचारतात तसं विचारलं वाटतं."

त्यानंतर ती तिला हाल्मोनी म्हणायला लागली. म्हणजे आजी. मी आजी आणि ती हाल्मोनी, दोन्ही एकच.

मी तिला विचारलं, तुझं गाव कुठे. ती बोलायला लागली आणि बोलतच राहिली. मिरच्या उलटून झाल्या, तरी ती बोलत होती. हात वर केला, आडवा केला, जमिनीवर रेघ ओढल्यासारखा फिरवला. मग थांबली. मी नातीकडे बघितलं.

"आजी, ती म्हणते तिचं गाव बॉर्डरला होतं. खूप जुनी गोष्ट."

"एवढंच बोलली?"

"बाकीचं सॅड आहे आजी."

"सॅड काय ते मला सांग. तू गाळू नकोस. मला रडू येत नाही, तुला माहीत आहे."

तेव्हा कळलं. पुढचे कितीतरी दिवस थोडं थोडं कळत गेलं. जिथे नातीची भाषा संपायची तिथे हाल्मोनी हातांनी करून दाखवायची.

त्यांच्यावर जपानचं राज्य होतं. शाळेत आपल्या भाषेत बोललं तर मार. मग जपान लढाई हरला आणि लोक रस्त्यावर नाचले. ती पहिली-दुसरीत होती, तीही नाचली. वाटलं, आता आपलं राज्य. पण नकाशावर कोणीतरी एक रेघ मारली. रेघेच्या वरती रशियाचं सैन्य आलं, खालती अमेरिकेचं. हिचं गाव खालती. तालुक्याच्या कचेरीत जपानी साहेब बसायचा त्याच खुर्चीत अमेरिकन साहेब बसला. पाटी बदलली. दाराशी पोलीस मात्र तोच राहिला, ज्याने जपान्यांच्या वेळी हिच्या बापाला मारहाण केली होती. फक्त टोपी नवीन. आधी सांगितलं, भात मोकळं विका. भाव चढले, लोक उपाशी राहिले, तेव्हा पुन्हा तोच पोलीस घराघरात भात शोधायला यायला लागला. संध्याकाळनंतर घराबाहेर पडायचं नाही. पोरांच्या डोक्यात आणि कपड्यांत पांढरी पावडर मारायचे, उवा मरायला.

"उवा मेल्या?" मी विचारलं.

नातीने विचारलं. हाल्मोनीने मान हलवली. मेल्या. चांगलं होतं ते चांगलं म्हणाली ती.

कचेरीची भाषा इंग्रजी झाली. साहेबाला कोरियन येत नव्हतं, गावाला इंग्रजी येत नव्हतं. मिशनऱ्यांच्या शाळेत चार बुकं शिकलेले जे काही लोक होते, ते दुभाषे झाले, आणि दुभाषे झाले म्हणजे राजेच झाले. साहेबाच्या कानात काय जायचं आणि साहेबाच्या तोंडून काय यायचं, ते त्यांच्या हातात. हिचा सख्खा काका दुभाषा होता. त्यांच्या घरी डबाबंद मांस यायला लागलं.

आता हिच्या आजीची गोष्ट. आईची आई. तिचं घर रेघेच्या वरच्या बाजूला, चालत अर्ध्या दिवसावर. ती लेकीच्या बाळंतपणाला खाली आली होती. बाळंतपण झालं, बाळाचं बारसं का काय त्यांचं असतं ते झालं. तोवर रेघ घट्ट झाली. आधी लोक जात-येत होते, मग कागद विचारायला लागले, मग बंदूक दाखवायला लागले. म्हातारी जावयाच्या घरी अडकली. तिच्या घरी परसात मातीचे मोठे रांजण होते, सोयाबीन मिठात मुरत घातलेले. त्यांची झाकणं ऊन पडलं की काढायची, पावसाचं लक्षण दिसलं की घालायची. दुसरं कोणी नव्हतं घालायला. म्हातारी लेकीच्या दारातून आभाळ बघायची आणि म्हणायची, आता झाकण घालायला हवं. जावई म्हणायचा, बघू.

तो "बघू" नातीने मराठीत सांगितला तेव्हा मी तिच्याकडे नीट बघितलं. पण तिला काही कळलं नव्हतं. शब्द तो होता, तिने तो सांगितला.

शेवटी म्हातारी स्वतः कचेरीत गेली, परवाना मागायला. छोटी हाल्मोनी हात धरून बरोबर. काका साहेबाच्या शेजारी उभा. साहेब तरुण होता, खुर्ची पुढे ओढून म्हातारीकडे वाकून बसला. म्हातारी बोलली. घर, रांजण, मेलेल्या नवऱ्याची कबर, सगळं बोलली. काका इंग्रजीत थोडकंच बोलला. साहेब हसला, उठला आणि म्हातारीच्या हातात एक घोंगडी दिली. जाड, सैन्याची. म्हातारी कमरेत वाकून नमस्कार करून आली. तिला वाटलं, परवानगी मिळाली आणि वाटेत थंडी लागू नये म्हणून घोंगडीसुद्धा दिली. दुसऱ्या दिवशी गाठोडं बांधून निघाली. संध्याकाळी परत आली. रेघेवर शिपायांनी माघारी फिरवली होती.

जेवताना काकाने हसत हसत सांगितलं, मी साहेबाला म्हटलं, म्हातारीला थंडी वाजते आणि ती तुमचे आभार मानायला आली आहे. वर रशियन आहेत. तिथे एकटी काय करणार? तिच्या भल्यासाठीच केलं.

"मग आजी काय म्हणाली?" मी विचारलं.

"काही नाही. जेवली."

"जेवली?"

"जेवली. घोंगडी छोट्या बाळाला घातली."

पुढे परके साहेब गेले. त्यांचं आपलं सरकार आलं. काकाला मोठी जागा मिळाली. रेघ तशीच राहिली. वरच्या आणि खालच्या बाजूची मोठी लढाई सुरू होण्याआधीच्या थंडीत म्हातारी वारली. घर पलीकडे राहिलं. अजून पलीकडेच आहे.

मी नातीला म्हटलं, "हिला विचार, तुझ्या आजीने साहेबासमोर हाताने का नाही दाखवलं? बोट करायचं घराच्या दिशेला. त्याला काय भाषा लागते?"

हाल्मोनीने करून दाखवलं. दोन्ही हात पोटावर ठेवले, मान खाली घातली. मोठ्या माणसासमोर असं उभं राहायचं. बोट दाखवायचं नसतं.

"मग गेलं घर," मी म्हटलं. हे नातीने सांगितलं की गाळलं, मला माहीत नाही.

माझ्या कार्डासाठी कचेरीत जायचा दिवस आला. मुलाने सुट्टी काढली. वैद्यकीय तपासणी आधीच झाली होती, उरला तो ठसा. गाडीत तो म्हणाला, "आई, गेल्या वेळी कुठलं बोट लागलं होतं गं?"

"काय की."

हे थोडं सांगायला हवं. मी लग्नाआधीपासून काजूच्या कारखान्यात फोडायला बसायचे. भाजलेल्या बीचं टरफल फुटलं की त्यातून तेल येतं. ते कातडी जाळतं. आम्ही हाताला राख लावायचो, पण राख किती पुरणार? बी धरायची, फोडायची, गर टोकरून काढायचा. वर्षानुवर्षं. बोटं आधी काळी झाली, मग सोलली, मग गुळगुळीत. आमच्या कारखान्यातल्या कुठल्याही बाईचा अंगठा कुठलंच यंत्र घेत नाही. रेशनच्या दुकानात पण आमची रांग अडायची. उजवी करंगळी लहानपणी विळीवर कापली, ती वाकडी. फक्त डावी करंगळी ह्या कामात कुठे लागत नाही, हवेतच असते. तिच्यावर रेषा आहेत. पहिल्या वेळी इथल्या माणसाने सगळी बोटं लावून लावून शेवटी तीच घेतली होती. मुलगा ते विसरला. मी विसरले नव्हते.

खिडकीवर एक ओमानी बाई बसली होती. गणवेश, डोक्याला रुमाल, पंचवीस-तिशीची. तिने माझा उजवा हात धरून काचेवर दाबला. लाल दिवा लागला. पुन्हा दाबला, पुन्हा लाल. तिने ओला कागद घेऊन माझी बोटं पुसली, मग कसलं तरी क्रीम चोळलं. लाल. डाव्या हाताची चार बोटं झाली. करंगळी मी मुठीत घट्ट धरून ठेवली होती, जसं काही ती उघडतच नाही.

क्रीम चोळता चोळता ती मुलाला इंग्रजीत काहीतरी म्हणाली. सहज, हसून. मुलगाही हसला. "शी इज व्हेरी हॅपी हिअर," म्हणाला, आणि पुढे आणखी थोडं.

हॅपी मला कळतं. नात दिवसभर म्हणते.

मला काकाची आठवण झाली. माझ्या डोळ्यांसमोर घोंगडी आली. मुलगा वाईट नाही. तो काकाही वाईट नसावा.

मी मुलाला म्हटलं, "काय विचारल्यान तिना?"

"काही नाही गं. असंच."

मग मी मोडक्या हिंदीत त्या बाईलाच म्हटलं, "हॅपी नहीं. मेरेको गाँव जाना है. मेरा घर है उधर."

बाईचे हात थांबले. तिने माझ्याकडे बघितलं, मग मुलाकडे. आणि माझ्यापेक्षा कितीतरी चांगल्या हिंदीत म्हणाली, "साहब, आपने तो कुछ और बताया."

मुलाचा चेहरा पडला. तो म्हणाला, "तुम्हाला हिंदी येतं?" तेही मराठीत म्हणाला, एवढा गडबडला.

"मैं मत्रह में बड़ी हुई हूँ," ती म्हणाली, म्हणजे इथल्या जुन्या बाजारात. "घर के नीचे इंडियन सेठ की दुकान थी. हिंदी मुझे किसी ने सिखाई नहीं, बस आ गई."

मुलगा आता हिंदीत सांगायला लागला. आई एकटी असते, पडते, गावात डॉक्टर नाही, फोन लागत नाही. सगळं खरं होतं. बाईने ऐकून घेतलं आणि माझ्याकडे वळली. "अम्मा, बेटा बोलता है आप गिर जाती हो."

"गिरती तो उठती. कौन नहीं गिरता?"

मागच्या रांगेतला कोणीतरी हसला. बाई नाही हसली. माझा हात तिने काचेवरून उचलून टेबलावर ठेवला आणि म्हणाली, "अम्मा, ये आपके घर की बात है. मैं उंगली लेती हूँ, झगड़ा नहीं लेती. मुद्दत अभी बाकी है. घर में बात करो, फिर आओ." मग मुलाला दुसरा नियम सांगितला. कार्डवाला माणूस सहा महिन्यांहून जास्त देशाबाहेर राहिला तर कार्ड आपोआप मरतं. त्याआधी एक चक्कर मारली तर जगतं.

हे मुलाला आधीपासून माहीत होतं. मला त्या दिवशी कळलं.

तिने माझ्यासाठी काही केलं, असं मी म्हणणार नाही. तिने फक्त ऐकलं, मी बोलले तेच. कोरियातल्या त्या साहेबाला म्हातारीची भाषा कळली असती तरी त्याने सोडलं नसतं कदाचित. पण मग नाही म्हणायला त्याला तिच्या तोंडाकडे बघावं लागलं असतं. घोंगडी देऊन सुटला नसता.

गाडीत मुलगा दोन्ही हातांनी स्टिअरिंग धरून बसला. सीबचा फाटा गेल्यावर म्हणाला, "लोकांसमोर माझी लाज काढलीस."

"तू माझा बोलणा बदललंस."

"तुझ्या भल्यासाठी करतो ना मी? पुन्हा पडलीस तर? मी इकडून कसा येऊ?"

"विमानानं. गेल्या येळाक इललंस तसो."

"आणि वेळेत नाही पोचलो तर?"

तो घाबरलेला आहे, हे मला तेव्हाच नीट कळलं. आतापर्यंत मला तो नुसता साहेब वाटत होता. पण घाबरलेल्या माणसाच्या घरात कोंडून राहणं हेही कोंडूनच राहणं आहे.

मी म्हटलं, "बोट आसा माझ्याकडे. खयचा ता माका ठावक आसा. पुढच्या खेपेक त्या बाईक तुझ्या तोंडानं सांग, माझी आवस गावाक रवतली, सा म्हयन्याच्या आत एकदा येवन जातली. मी सांगतंय तसाच. मगे देतंय."

"म्हणजे तुला माहीत होतं कुठलं बोट?"

"गाडी बघून चालव."

आठवड्याने पुन्हा गेलो. तीच बाई होती. मुलगा खिडकीशी उभा राहिला, घसा खाकरला, इंग्रजीत सुरू झाला. बाईने हात वर केला. "हिंदी में बोलो साहब. अम्मा को भी सुनने दो." तो हिंदीत बोलला. माझी आई गावी राहील, सहा महिन्यांच्या आत येऊन जाईल. "गावी राहील" म्हणताना तो अडखळला, आणि मी काचेकडे बघत राहिले.

"बराबर बोला, अम्मा?"

"बराबर बोला."

मी मूठ उघडली आणि करंगळी काचेवर ठेवली. हिरवा दिवा पहिल्या झटक्यात लागला. बाईने कपाळावर हात मारला.

घरी आल्यावर गच्चीवर गेले. हाल्मोनी होतीच. तिने नातीला काहीतरी विचारलं, पण मी नातीसाठी थांबले नाही. समुद्र ज्या बाजूला आहे तिकडे बोट केलं, लांब, सरळ. मग करंगळी वर करून दाखवली आणि काचेवर दाबल्यासारखी भिंतीवर दाबली.

हाल्मोनीने तिची करंगळी माझ्या करंगळीत अडकवली आणि ओढून धरली. ह्या वयात तिच्या बोटात जोर आहे.

"हे काय आता?"

"प्रॉमिस, आजी. त्यांच्याकडे असं करतात. ती म्हणते, प्रॉमिस कर की तू खरंच जाशील."

तिकीट अजून काढलेलं नाही. सून म्हणते ऊन उतरू दे, मुलगा म्हणतो नातीचं कॉलेज सुरू झालं की बघू. पुन्हा बघू. कपाटाची किल्ली अजून पर्समध्येच आहे. पण मुलगा जे बोलला ते दोन बायकांनी ऐकलं आहे, आणि त्यातली एक गणवेशातली होती.

"सांग तिला, जाते म्हणून," मी नातीला म्हटलं. "आणि एवढंच सांग. वर काही घालू नकोस."

मग बोट सोडवून घेतलं. मिरच्या उलटायच्या राहिल्या होत्या.